लग्नाची अट आणि कायद्याचे मौन

नोकरीसाठी मुंबई-पुण्याकडे येणाऱ्या तरुणीला दोन दारे ठोठवावी लागतात. एक नोकरीचे आणि दुसरे भाड्याच्या घराचे. या दोन्ही दारांवर तिला विचारला जाणारा पहिला प्रश्न बहुधा एकच असतो : लग्न झाले आहे काय? मात्र दोन्हीकडची अपेक्षित उत्तरे परस्परविरुद्ध असतात. नोकरी देणाऱ्याला ती अविवाहित असलेली बरी वाटते, कारण विवाहितेच्या मागे संसार आला, बाळंतपण आले, रजा आल्या. घर देणाऱ्याला ती विवाहित असलेली हवी असते, कारण एकट्या राहणाऱ्या मुलीच्या मागे काय काय येईल याविषयी त्याच्या कल्पनाशक्तीला अंत नसतो. दोन्ही दारी चालेल असे उत्तर त्या तरुणीपाशी नाही. आणि तिला केवळ या कारणासाठी परत पाठवू नये, असे खासगी मालकाला स्पष्ट शब्दांत बजावणारा कायदाही आपल्या देशात नाही.

ही मूठभर शहरी मुलींची तक्रार आहे असे समजण्याचे कारण नाही. २०११ च्या जनगणनेत अविवाहित, विधवा, घटस्फोटित आणि परित्यक्ता अशा एकट्या स्त्रियांची संख्या ७ कोटींहून अधिक भरली होती. पुरुषही या जाचातून सुटलेले नाहीत. बदली होऊन परगावी आलेला, बायको-मुलांना शाळेच्या वर्षापुरते गावी ठेवून आलेला चाळिशीतला कारकून घरमालकाच्या लेखी 'बॅचलर'च असतो. आमच्या व्यवसायातील अनेक शिक्षक पहिल्या नेमणुकीच्या गावी हा अनुभव घेऊन चुकले आहेत. ते पुढे लग्न करतात, बिऱ्हाड थाटतात, आणि विसरतात. प्रस्तुत लेखकही त्यांतलाच एक. तथापि ज्यांना लग्न करावयाचे नाही, ज्यांचे मोडले आहे किंवा ज्यांचा जोडीदार वारला आहे, त्यांना विसरण्याची ही सोय नसते.

प्रथम नोकरीच्या दाराकडे पाहू. जून २०२४ मध्ये 'रॉयटर्स' या वृत्तसंस्थेने एक शोधवृत्त प्रसिद्ध केले. चेन्नईजवळ श्रीपेरुंबुदूर येथे 'फॉक्सकॉन' या तैवानी कंपनीचा आयफोन जुळणीचा कारखाना आहे. तेथे कामगार म्हणून येणाऱ्या विवाहित स्त्रियांना पद्धतशीरपणे वगळले जाते, असे त्या वृत्तात म्हटले होते. कौटुंबिक जबाबदाऱ्या, गरोदरपण आणि गैरहजेरी ही कारणे भरतीच्या दलालांकडून ऐकावयास मिळाली. अंगावरील धातूच्या अलंकारांचाही उल्लेख झाला. कंपनीने भेदभावाचा इन्कार केला आणि नव्या भरतीत विवाहित स्त्रियाही असल्याचे सांगितले. केंद्रीय श्रम मंत्रालयाने तामिळनाडू सरकारकडे अहवाल मागितला, राष्ट्रीय मानवाधिकार आयोगानेही दखल घेतली. या वृत्तातील एक तपशील मात्र अर्थशास्त्राच्या अभ्यासकाने जपून ठेवावा असा आहे. उत्पादनाचा हंगाम जोरात असे आणि हात कमी पडत, तेव्हा ही बंदी सैल होई, असे त्यात नमूद होते. म्हणजे विवाहित स्त्रीला ते काम जमत नाही असे कोणाचेही म्हणणे नव्हते.

श्रम मंत्रालयाने त्या वेळी ज्या कायद्याचा आधार घेतला तो होता १९७६ चा समान वेतन कायदा. त्याच्या पाचव्या कलमाने भरतीत स्त्रियांविरुद्ध भेदभाव करण्यास मनाई केली होती. २१ नोव्हेंबर २०२५ पासून चार नव्या श्रमसंहिता अमलात आल्या आणि त्या कायद्याची जागा २०१९ च्या वेतन संहितेने घेतली. नव्या संहितेचे तिसरे कलमही वेतनात आणि भरतीत लिंगभेदास मनाई करते. पण जुन्या कलमाप्रमाणे हेही वैवाहिक स्थितीविषयी काही बोलत नाही. मग हजारो अविवाहित मुलींना कामावर घेणारा कारखानदार सहज म्हणू शकतो : आमच्याकडे स्त्रियाच अधिक आहेत, लिंगभेद कोठला? वरवर पाहता हा युक्तिवाद बिनतोड भासतो. परंतु त्याच कारखान्यात येणाऱ्या पुरुषाला बायको आहे की नाही हे कोणी विचारीत नाही, एवढे लक्षात घेतले की त्यातील फोलपणा उघडा पडतो. लग्न दोघांचे होते आणि नोकरी एकीची जाते. हा लिंगभेद नव्हे असे म्हणणे म्हणजे शब्दांचा खेळ आहे.

दुर्दैवाने हा खेळ एके काळी आपल्या सर्वोच्च न्यायालयानेही मान्य केला होता. हा इतिहास थोडा तपशिलाने पाहण्याजोगा आहे, कारण त्यात प्रगती आणि पिछेहाट एकमेकींत गुंतलेल्या आहेत.

आरंभ मुंबईत झाला, आणि तो फार चांगला झाला. 'इंटरनॅशनल फ्रँचायझेस' या औषधी कंपनीत एक नियम होता : वेष्टनाच्या विभागात काम करणाऱ्या मुलीने लग्न केले की नोकरी सोडावी. बॉम्बे लेबर युनियनने त्याविरुद्ध दाद मागितली. औद्योगिक न्यायाधिकरणाने ती फेटाळली, तेव्हा युनियन सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली आणि १९६५ मध्ये जिंकली. कंपनीचे म्हणणे असे की, काम गटागटाने चालते, एक जण गैरहजर राहिली की सगळ्यांचे अडते आणि विवाहित स्त्रिया अधिक गैरहजर राहतात. न्यायालयाने विचारले, याला पुरावा काय? मुलाबाळांमुळे गैरहजेरी वाढत असेल तर ती मुले असलेल्या विधवेचीही वाढेल. मग विधवेला हा नियम का नाही? उरला प्रश्न प्रसूती रजेचा. तेवढ्यासाठी चार बायका जादा राखीव ठेवल्या की भागते. त्या भागातील इतर औषधी कंपन्यांतही असाच नियम आहे, हे समर्थनही न्यायालयाने पुरेसे मानले नाही. साध्या व्यवहारज्ञानाने भरलेला हा निकाल आजही प्रत्येक व्यवस्थापनशास्त्राच्या विद्यार्थ्याने वाचावा.

१९७९ मध्ये सी. बी. मुथम्मा यांचे प्रकरण आले. भारतीय परराष्ट्र सेवेत दाखल झालेल्या त्या पहिल्या महिला. या सेवेच्या १९६१ च्या नियमांप्रमाणे स्त्री अधिकाऱ्याने लग्नापूर्वी सरकारची लेखी परवानगी घ्यावयाची, आणि लग्नानंतर कर्तव्यात अडथळा येतो असे सरकारला वाटले तर तिने राजीनामा द्यावयाचा. शिवाय विवाहित स्त्रीला या सेवेत नेमणुकीचा हक्कच नाही, असेही दुसऱ्या एका नियमात लिहून ठेवले होते. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी या नियमांवर जे कोरडे ओढले ते प्रसिद्धच आहेत. पुरुष अधिकाऱ्याचा संसार त्याच्या कर्तव्याच्या आड येत नाही आणि स्त्रीचाच येतो, हे गृहीतक त्यांनी संविधानाच्या कसोटीवर घासून पाहिले. संविधान अमलात आल्यानंतर अकरा वर्षांनी, आणि तेही सरकारनेच, असे नियम करावेत ही गोष्ट आपल्या प्रजासत्ताकाला भूषणावह खचितच नव्हती.

दोनच वर्षांत पिछेहाट झाली. एअर इंडियाच्या हवाईसुंदरींना वयाच्या ३५ व्या वर्षी, किंवा नोकरीच्या पहिल्या चार वर्षांत लग्न केल्यास लग्नाच्या वेळी, किंवा पहिल्या गरोदरपणी, यांपैकी जे आधी घडेल तेव्हा निवृत्त व्हावे लागे. नर्गिस मिर्झा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्याविरुद्ध लढा दिला. १९८१ च्या निकालात गरोदरपणाची अट न्यायालयाने अत्यंत कठोर शब्दांत रद्द केली. परंतु चार वर्षांच्या लग्नबंदीला मात्र मान्यता दिली! मुलगी थोडी प्रौढ होऊन लग्न करील, ते यशस्वी होण्याचा संभव वाढेल, कुटुंबनियोजनाला हातभार लागेल आणि महामंडळाचा नव्या भरतीचा खर्च वाचेल, अशी कारणे त्यासाठी देण्यात आली. संविधान केवळ लिंगावरून होणारा भेद निषिद्ध मानते, लिंग आणि त्यासोबत आणखी काही असेल तर तो निषेध लागू होत नाही, असाही एक मुद्दा त्या निकालात आहे. फॉक्सकॉनसारख्या कारखान्याला उद्या वकील करावा लागला तर त्याने प्रथम हेच पान उघडावे. कुटुंबनियोजनाचे ओझे हवाईसुंदरींच्या सेवानियमांवर टाकण्याची कल्पना कोणाला सुचली असेल ते असो. वैमानिकांच्या विवाहाचा लोकसंख्येशी काही संबंध नसावा, असा या निकालाचा अर्थ निघतो.

पुढे १९९१ मध्ये आयुर्विमा महामंडळाचे प्रकरण झाले. उमेदवारीच्या काळात प्रसूती रजा घेतलेल्या एका तरुणीला नोकरीवरून दूर करण्यात आले होते. तिने भरून दिलेल्या अर्जात मासिक पाळीच्या तारखा, गर्भधारणा, गर्भपात यांविषयी रकाने होते आणि तिने खरी माहिती लपविली असा ठपका होता. न्यायालयाने तिला परत घेण्यास आणि ते रकाने काढून टाकण्यास फर्मावले. आणि अगदी अलीकडे, फेब्रुवारी २०२४ मध्ये, सैन्याच्या परिचर्या सेवेतील एका लेफ्टनंटला न्याय मिळाला. तिने लग्न केले म्हणून १९८८ मध्ये तिला सेवेतून मुक्त करण्यात आले होते. ज्या १९७७ च्या आदेशाखाली हे घडले तो १९९५ मध्ये मागेही घेण्यात आला. तरी तिचे प्रकरण संपण्यास ३६ वर्षे लागली. नोकरी परत मिळण्याचे वय केव्हाच उलटून गेले होते. न्यायालयाने तिला ६० लाख रुपये देवविले.

या सर्व प्रकरणांकडे एकत्र पाहिले की एक गोष्ट ध्यानात येते. परराष्ट्र सेवा, एअर इंडिया (त्या वेळी ती सरकारी होती), आयुर्विमा महामंडळ, सैन्य, हे सगळे प्रतिवादी राज्यसंस्थेचे घटक होते. संविधानाची १४, १५ आणि १६ ही कलमे प्राधान्याने राज्यसंस्थेला बांधतात. खासगी मालकाच्या दारापर्यंत त्यांचा हात क्वचितच पोहोचतो. अपवाद फक्त मुंबईच्या औषधी कंपनीचा. तेथे खासगी कंपनी हरली, पण ती संविधानाच्या बळावर हरली नाही. तो औद्योगिक कलह होता, आणि मुलींच्या पाठीशी युनियन उभी होती. शिवाय त्या मुली नोकरीत होत्या. जिला अजून नोकरी मिळालेलीच नाही, जिला कंत्राटदाराच्या दलालाने फाटकावरूनच परत पाठविले, तिची युनियन कोठली? तिला नाकारल्याचा कागदही कोणी देत नाही. भेदभाव आता सेवानियमांच्या पुस्तकातून निघून भरतीच्या फाटकावर येऊन बसला आहे, आणि आपला कायदा मात्र अजून ते पुस्तकच चाळीत आहे.

बाजारपेठ हा दोष आपोआप दूर करील, असे मानणारा एक पक्ष आमच्या शास्त्रात आहे. १९५७ मध्ये गॅरी बेकर यांनी भेदभावाच्या अर्थशास्त्रावर पुस्तक लिहिले. त्यांच्या विवेचनाचा रोख असा की, पूर्वग्रहापायी चांगले कामगार नाकारणारा मालक स्वतःचेच नुकसान करून घेतो, आणि स्पर्धेत अखेर मागे पडतो. सिद्धांत आकर्षक आहे. परंतु अमेरिकेतीलच अनुभव काय सांगतो? २०२३ चे नोबेल पारितोषिक मिळविणाऱ्या क्लॉडिया गोल्डिन यांनी तेथील लग्नबंदीचा इतिहास खोदून काढला आहे, आणि आपल्या वाचकांना त्यात विशेष स्वारस्य वाटावे, कारण ही बंदी प्रामुख्याने शिक्षिका आणि कचेरीतील कारकून स्त्रिया यांच्यावरच होती. १९४२ मध्ये तेथील ८७ टक्के शाळा मंडळे विवाहित स्त्रीला नोकरी देत नसत. मंदीच्या काळात ही बंदी अधिकच पसरली. ती ओसरली ती दुसऱ्या महायुद्धानंतर, अविवाहित तरुण मुलींचा पुरवठा आटला तेव्हा. म्हणजे मालकांचे मतपरिवर्तन झाले नाही. त्यांना गरज पडली. श्रीपेरुंबुदूरची हंगामी शिथिलता हेच लहान प्रमाणात सांगते. आता आपल्याकडे कामासाठी रांगेत उभ्या असलेल्या अविवाहित मुलींचा तुटवडा नजीकच्या भविष्यात पडेल, असे कोण म्हणेल? जेथे श्रमाचा पुरवठा अमाप आहे तेथे भेदभाव करणाऱ्याला त्याची किंमत मोजावी लागत नाही, आणि म्हणून बेकर यांचे औषध येथे लागू पडत नाही.

मात्र मालकाची बाजूही प्रामाणिकपणे मांडली पाहिजे. २०१७ मध्ये आपण प्रसूती रजा १२ आठवड्यांवरून २६ आठवड्यांवर नेली, आणि ५० वा अधिक कर्मचारी असलेल्या आस्थापनांना पाळणाघराची सक्ती केली. उद्देश उत्तमच होता. पण कामगार राज्य विमा योजनेच्या कक्षेबाहेरील स्त्रीच्या बाबतीत हा सारा खर्च एकट्या मालकाच्या माथी मारला. परिणामी, मूल ही समाजाची गरज आणि त्याचा खर्च मात्र जिने आई होण्याचे ठरविले तिच्या मालकाचा, अशी रचना झाली. अशा रचनेत मालक अर्जातला वैवाहिक स्थितीचा रकाना प्रथम वाचणार, हे भाकीत करण्यास अर्थशास्त्राच्या पदवीची आवश्यकता नाही. विमा योजनेत हे घडत नाही, कारण तेथे सर्व मालकांच्या वर्गणीतून पैसा उभा राहतो. स्त्रिया कामावर ठेवणारा आणि न ठेवणारा दोघेही भरतात. केवळ मनाईचे कलम घालून भागणार नाही. प्रसूतीचा खर्च अशाच सामायिक निधीकडे गेला पाहिजे. रजेपैकी सात आठवड्यांच्या वेतनाचा भार सरकारने उचलावा अशी कल्पना २०१८ मध्ये केंद्राने मांडली होती. ती कल्पनाच राहिली.

आता दुसरे दार. येथे तर न्यायालयीन निकालांची शिदोरीही जवळ नाही.

महाराष्ट्रातील भाडेकरूविषयक कायद्याचा इतिहास मोठा उद्बोधक आहे. १९४७ च्या मुंबई भाडे नियंत्रण कायद्याने भाडी १९४० च्या पातळीवर गोठविली आणि भाडेकरू मेल्यावर त्याच्यासोबत राहणाऱ्या कुटुंबीयांकडे भाडेहक्क जाईल अशी तरतूद केली. त्या काळात घरमालकाला धास्ती असे ती कुटुंबाचीच. एकदा बिऱ्हाड आत शिरले की तीन पिढ्या हलणार नाही! मग 'लिव्ह अँड लायसन्स'ची वाट निघाली. ३१ मार्च २०००पासून लागू झालेल्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याने ती पक्की केली. या कायद्याच्या चोविसाव्या कलमाखाली मुदत संपताच घर रिकामे करून घेण्यासाठी मालकाला स्वतंत्र सक्षम प्राधिकारी मिळाला, आणि मुदतीनंतर राहणाऱ्याकडून दुप्पट दराने भरपाई घेण्याची सोय झाली. म्हणजे मालकाच्या आर्थिक भीतीचे बहुतेक निराकरण कायद्याने केले आहे. अनामत रक्कम हातात, करार नोंदलेला, मुदत अकरा महिन्यांची. एवढे झाल्यावर नोकरी करणाऱ्या, वेळेवर भाडे देऊ शकणाऱ्या मुलीला घर नाकारण्यास कोणते आर्थिक कारण उरते? उरते ते शेजाऱ्यांचे कुतूहल आणि सोसायटीच्या कार्यकारिणीचा ठराव.

या ठिकाणी संविधानाकडे धाव घेऊन उपयोग होत नाही. पंधराव्या कलमाचा दुसरा खंड दुकाने, उपाहारगृहे, विहिरी, रस्ते यांविषयी बोलतो. भाड्याच्या खोलीविषयी बोलत नाही. अहमदाबादच्या एका पारशी गृहनिर्माण संस्थेच्या प्रकरणी २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, संस्थेने आपल्या उपविधीत सभासदत्व एका समाजापुरते मर्यादित ठेवले तरी ते चालेल, असा निर्णय दिला. तो प्रश्न वेगळा होता हे खरे, पण घराच्या बाबतीत खासगी कराराच्या स्वातंत्र्याला न्यायालय किती जपते, ते त्यावरून कळून येते. विवाहाविना एकत्र राहणे हा गुन्हा नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये स्पष्ट केले. कोईमतूरमध्ये अविवाहित जोडपे आढळले म्हणून अधिकाऱ्यांनी एका निवासगृहाला टाळे ठोकले, तेव्हा अशा वास्तव्यास मनाई करणारा कोणताही कायदा नाही, असे डिसेंबर २०१९ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाने बजावले. ठीक आहे, गुन्हा नाही. पण गुन्हा नसणे आणि हक्क असणे यांत फार मोठे अंतर आहे. पोलीस पकडणार नाहीत, एवढ्याने डोक्यावर छप्पर येत नाही.

या अंतराचा सर्वांत क्रूर प्रत्यय घर सोडाव्या लागलेल्या स्त्रीला येतो. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायद्याने तिला सामायिक घरात राहण्याचा हक्क दिला. तेथे राहणे अशक्य असेल तर पतीने तिच्यासाठी त्याच दर्जाची पर्यायी जागा पाहावी किंवा तिचे भाडे द्यावे, असा आदेश दंडाधिकारी देऊ शकतो. कागदावर ही तरतूद किती शहाणपणाची आहे! परंतु हुकूमनामा घेऊन ती स्त्री जागा शोधण्यास निघाली की दलाल विचारणार, 'मिस्टर काय करतात?' भाड्याचे पैसे देण्याचा हुकूम न्यायालय पतीला करू शकते. जागा देण्याचा हुकूम तिसऱ्या माणसाला करू शकत नाही. एका कायद्याने दिलेले दुसऱ्या कायद्याच्या मौनाने असे हिरावले जाते.

लग्न झाले म्हणून हक्क जाण्याचे आणखी एक उदाहरण आपल्या राज्यातच घडले. रॉकेलच्या किरकोळ परवानाधारकाच्या मृत्यूनंतर परवाना कोणाच्या नावे करावयाचा, यासाठी 'कुटुंबा'ची जी व्याख्या सरकारी निर्णयात होती तीतून विवाहित मुलीला वगळले होते. मुंबई उच्च न्यायालयाने २०१४ मध्ये ती घटनाबाह्य ठरविली. विवाहित मुलगा कुटुंबात, विवाहित मुलगी बाहेर, हे तर्कट सरकारी कागदांत किती खोल रुजले होते याची त्यावरून कल्पना यावी.

घरमालकांच्या वतीने एक प्रश्न नेहमी विचारला जातो : घर माझे, त्यात कोणाला ठेवावे हे मी ठरवू नये काय? स्वतः राहत असलेल्या घरातील एक खोली देणाऱ्याच्या तोंडी हा प्रश्न शोभतो, आणि त्याला सूट असावी. अमेरिकेत १९८८ मध्ये घरविषयक कायद्यात दुरुस्ती करून लहान मुले असलेल्या कुटुंबांना घर नाकारण्यास बंदी घालण्यात आली, तेव्हाही मालक स्वतः राहत असलेल्या चार बिऱ्हाडांपर्यंतच्या इमारतींना वगळले गेलेच होते. (तेथील घरमालकांना मुले नकोशी आणि आपल्याकडील घरमालकांना बिनमुलांचे नकोसे, हाही एक मौजेचा फरक.) आयर्लंडचे उदाहरण आपल्याला अधिक जवळचे आहे, कारण परंपरेचा पगडा तेथेही जबर होता. सरकारी नोकरीत विवाहित स्त्रियांना तेथे १९७३ पर्यंत बंदी होती. त्याच देशाने १९९८ मध्ये नोकरीसाठी आणि २००० मध्ये घर व इतर सेवांसाठी कायदे केले आणि वैवाहिक व कौटुंबिक स्थिती ही भेदभावाची निषिद्ध कारणे म्हणून नावानिशी नोंदविली. परंतु गुंतवणूक म्हणून चार सदनिका घेऊन त्या दलालामार्फत बाजारात भाड्याने लावणारा मालक 'माझे घर' म्हणतो, तेव्हा तो व्यवसायाविषयी बोलत असतो. दुकानदाराला जे बंधन आहे ते त्याला का नसावे?

असा कायदा आपल्या संसदेला लिहिता येत नाही, असे मुळीच नाही. एचआयव्हीबाधितांसाठी २०१७ मध्ये आणि तृतीयपंथीयांसाठी २०१९ मध्ये केलेल्या कायद्यांत नोकरीतील भेदभावाबरोबरच घर भाड्याने घेण्याच्या वा त्यात राहण्याच्या हक्काचाही स्पष्ट उल्लेख आहे, आणि तो खासगी व्यक्तींनाही लागू आहे. तेव्हा शब्द तयार आहेत. त्यात वैवाहिक स्थिती ही दोन पदे घालावयाची आहेत. २०१७ मध्ये शशी थरूर यांनी लोकसभेत सर्वसमावेशक भेदभावविरोधी विधेयक मांडले होते. खासगी सदस्यांच्या विधेयकांचे बहुधा जे होते तेच त्याचे झाले. २०२१ मध्ये केंद्राने राज्यांसाठी आदर्श भाडेकरू कायद्याचा नमुना तयार केला, त्यात अनामत रक्कम दोन महिन्यांच्या भाड्याहून अधिक नसावी इथपर्यंत बारकावे पाहिले. घर नाकारण्याच्या कारणांविषयी मात्र त्यात अवाक्षर नाही.

राज्य सरकारला दिल्लीकडे पाहत बसण्याचेही कारण नाही. सहकार कायद्याच्या ७९-अ कलमाखाली २००१ मध्ये महाराष्ट्र शासनाने गृहनिर्माण संस्थांना निर्देश दिले, की सदनिका भाड्याने दिल्याबद्दल घ्यावयाचे बिनभोगवटा शुल्क सेवाशुल्काच्या दहा टक्क्यांहून अधिक असता कामा नये. संस्थेने किती पैसे घ्यावेत हे ज्या कलमाखाली सांगता येते, त्याच कलमाखाली 'अविवाहितांना मज्जाव' हा ठराव करू नये हेही सांगता येईल. भाडे नियंत्रण कायद्याचे पंचावन्नावे कलम करार नोंदविण्याची जबाबदारी मालकावर टाकते आणि न नोंदविल्यास तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजार रुपयांपर्यंत दंड सांगते. वीज-पाणी तोडणाऱ्या मालकाला एकोणतिसावे कलम आवरते. त्याच कायद्यात या दोहोंच्या जोडीला, वैवाहिक स्थितीच्या कारणावरून घर नाकारणे वा करार रद्द करणे हा अपराध मानणारे एक कलम घालता येईल. त्याची तक्रार आज मालकाच्या अर्जावर जो सक्षम प्राधिकारी निर्णय देतो, त्याच्याचपुढे चालविण्याची सोय करावी, म्हणजे नवे कार्यालयही उघडावे लागणार नाही. पुराव्याची अडचण राहील, हे मान्य केले पाहिजे. नकाराचे खरे कारण कोणी लिहून देत नाही. पण सोसायटीचे ठराव लेखी असतात, दलालांच्या जाहिरातींत 'फक्त कुटुंबासाठी' असे छापलेले असते, आणि भरतीच्या अर्जात वैवाहिक स्थितीचा रकाना असतो. सुरुवात या तीन कागदांपासून करता येईल.